जुन्या कापडाला हलका टाका

२०१६ च्या जून महिन्यातली गोष्ट. मी तेव्हा एका कॉलेजच्या कार्यालयात नोकरीला होतो आणि प्रवेशाची धामधूम सुरू होती. बाहेर पाऊस, आत ओल्या छत्र्या, खिडकीपाशी रांग. आणि नेमकं त्याच दिवशी सकाळी वायफाय गेलं. बरं, सगळीकडून गेलं असतं तर वीज नाही किंवा लाइन तुटली असं म्हणता आलं असतं. पण छताला लावलेले जे पांढरे डबे असतात, ज्यांना अ‍ॅक्सेस पॉइंट म्हणतात, त्यांतले निम्मे व्यवस्थित चालू होते आणि निम्मे नुसतेच लुकलुकत होते.

तंत्रज्ञ म्हणून जो मुलगा आला, तो आमच्याच कॉलेजचा माजी विद्यार्थी. त्याने शिडी मागितली नाही की पक्कड काढली नाही. कार्यालयातल्या कपाटात कंट्रोलर नावाचा एक लोखंडी खोका असायचा. छतावरचे सगळे डबे त्याच्याच हुकमाने चालायचे. त्याला आपला लॅपटॉप जोडून तो दहा मिनिटं बघत बसला आणि म्हणाला, ''काका, डबे बिघडलेले नाहीत. त्यांचा दाखला संपलाय.''

दाखला? आम्ही कार्यालयातली माणसं, दाखला हा शब्द आम्हाला चांगला कळतो. त्याने समजावून सांगितलं ते असं. प्रत्येक डब्यात कारखान्यातच एक डिजिटल दाखला घालून ठेवलेला असतो. मी अमुक कंपनीचा, अस्सल, असं सांगणारा. डबा चालू झाला की कंट्रोलरला तो दाखला दाखवतो आणि मगच कंट्रोलर त्याला आत घेतो. त्या दाखल्याची मुदत दहा वर्षांची. आमचे डबे २००६ साली बनलेले. मुदत भरत गेली तसा कंट्रोलर एकेकाला दारातून परत पाठवू लागला.

''मग आता?'' मी विचारलं.

तो हसला. त्याने कंट्रोलरचं घड्याळ एक वर्ष मागे नेलं. २०१६ चं २०१५ केलं. आणि काय सांगू, थोड्या वेळात एकामागून एक डबे हिरवे झाले. दाखले पुन्हा ग्राह्य ठरले, कारण यंत्राच्या लेखी आपण सगळे अजून गेल्या वर्षातच होतो. संध्याकाळी कार्यालय रिकामं झाल्यावर त्याने खरं काम केलं. कंट्रोलरमध्ये नवं फर्मवेअर भरलं. कंट्रोलरने ते एकेका डब्याला वाटलं. प्रत्येक डबा विझला, परत पेटला. नव्या फर्मवेअरमध्ये दाखल्याची तारीख संपली असली तरी चालवून घे, असं सांगण्याची सोय होती. ती त्याने चालू केली आणि मग घड्याळ पुन्हा आजच्या तारखेवर आणलं.

मी मराठी घेऊन बी.ए. झालेला माणूस. यंत्रातलं मला काही कळत नाही. पण त्या रात्री घरी जाताना मला माझे अब्बा आठवले. अब्बा रफूगर होते. मंडईजवळच्या एका दुकानाच्या फळीवर बसून त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांचे फाटलेले कपडे जोडले. रफू करताना ते बाजारातला दोरा शक्यतो वापरत नसत. त्याच कपड्याच्या आतल्या दुमडीतून धागा काढायचे आणि त्याच धाग्याने भोक विणून काढायचे. आणि मला सांगायचे, ''बेटा, कापड जुनं असलं तर टाका हलका घाल. टाका जोरात ओढलास, तर रफू टिकेल आणि कापड फाटेल.''

त्या मुलाने त्या दिवशी जे केलं, ते रफूच होतं. मग मी हळूहळू या विषयाची माहिती काढत गेलो आणि लक्षात आलं, की बिनतारी जाळ्यांच्या इतिहासात अब्बांचा हा नियम फार मोठ्या माणसांनीही पाळला आहे. तीच कथा आज सांगायची आहे.

आधी फर्मवेअर म्हणजे काय ते पाहू. यंत्राचा जो भाग हाताला लागतो तो हार्डवेअर. आपण रोज बदलू शकतो ते प्रोग्रॅम म्हणजे सॉफ्टवेअर. या दोन्हींच्या मधली, यंत्राच्या पोटात घट्ट बसलेली जी सूचनावली असते, तिला फर्मवेअर म्हणतात. हा शब्द अ‍ॅशर ऑपलर या संगणकतज्ज्ञाने १९६७ साली 'डेटामेशन' या मासिकातल्या लेखात वापरला. फर्म म्हणजे घट्ट, पण दगडासारखं कठीण नव्हे.

सुरुवातीला मात्र ही सूचनावली दगडावरच्या रेघेसारखीच होती. अमेरिकेच्या अपोलो यानांना चंद्रावर नेणाऱ्या संगणकाची गोष्ट घ्या. त्याच्या सूचना तांब्याच्या तारेत अक्षरशः विणलेल्या होत्या. बारीक चुंबकीय कड्यांच्या ओळी असायच्या. तार कडीतून गेली तर एक, बाहेरून गेली तर शून्य. हे विणकाम मॅसॅच्युसेट्समधल्या वॉल्थॅम गावच्या कारखान्यात स्त्रिया हाताने करीत. एकदा विणलं की बदल करणं जवळजवळ अशक्य. चूक सापडली तर ती वीण उसवून पुन्हा करायची.

१९७१ साली इंटेल कंपनीत डोव्ह फ्रोमन यांनी पुसता येणारी चिप तयार केली. तिच्या पाठीवर काचेची एक इवलीशी खिडकी असे. त्या खिडकीतून जंबुपार किरण काही मिनिटं सोडले की आतला मजकूर पुसला जाई आणि नवा लिहिता येई. पण त्यासाठी चिप यंत्रातून काढावी लागे. पुढे १९८४ मध्ये जपानच्या तोशिबा कंपनीतल्या फुजिओ मासुओका यांनी फ्लॅश मेमरी जगापुढे मांडली. आता चिप जागच्या जागी, विजेनेच पुसता आणि लिहिता येऊ लागली. यंत्र न उघडता, दुरून, त्याच्या पोटातली समजूत बदलण्याची सोय त्यातून झाली. फर्मवेअर अपडेट म्हणतात ते हेच.

बिनतारी जाळ्याचा प्रवास याच काळात चालला होता. १९७१ मध्ये हवाई विद्यापीठात नॉर्मन अब्रॅमसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वेगवेगळ्या बेटांवरचे संगणक रेडिओ लहरींनी जोडले. त्या जाळ्याचं नाव 'अलोहानेट'. १९८५ मध्ये अमेरिकेच्या दूरसंचार आयोगाने काही लहरीपट्टे विनापरवाना वापराला मोकळे केले. त्यांतला एक २.४ गिगाहर्ट्‌झचा. आपल्याकडे हा पट्टा २००५ च्या जानेवारीत परवानामुक्त झाला. १९९७ साली आयईईई या अभियंत्यांच्या संस्थेने बिनतारी जाळ्यांसाठी ८०२.११ नावाचा नियमसंच मंजूर केला. त्याच्या समितीचे प्रमुख होते नेदरलँड्समध्ये काम करणारे व्हिक हेज. १९९९ मध्ये त्याची वेगवान आवृत्ती आली, वायफाय हे नावही त्याच वर्षी रूढ झालं आणि जगभर ही यंत्रं खपू लागली.

आता तारेच्या जाळ्यात चोरी करायची तर तारेला हात लावावा लागतो. लहरींचं तसं नाही. त्या भिंतीतून बाहेर जातात, रस्त्यावरच्या माणसालाही मिळतात. म्हणून नियम करणाऱ्यांनी सुरुवातीपासूनच एक कुलूप ठेवलं होतं. त्याचं नाव डब्ल्यूईपी, म्हणजे वायर्ड इक्विव्हॅलंट प्रायव्हसी. तारेइतकीच खासगी व्यवस्था, एवढंच माफक वचन त्यात होतं.

तेवढंही वचन पाळलं गेलं नाही. मूळ कुलपाची किल्ली फक्त ४० बिटांची होती. त्या काळी अमेरिकेतून मजबूत सांकेतिक तंत्र बाहेर पाठवण्यावर निर्बंध होते, हे त्याचं एक मोठं कारण. आणखी एक दोष होता. प्रत्येक संदेशाला किल्लीसोबत २४ बिटांचा एक क्रमांक जोडला जाई, म्हणजे प्रत्येक संदेशाचं कुलूप थोडं वेगळं व्हावं. पण २४ बिटांत क्रमांक बसतात किती? १ कोटी ६७ लाख ७७ हजार २१६. ऐकायला हा आकडा मोठा वाटतो, पण गर्दीच्या जाळ्यात एवढे संदेश काही तासांतच उडतात. मग क्रमांक पुन्हा पहिल्यापासून. एकाच किल्लीने दोनदा बंद केलेले दोन संदेश शेजारी ठेवले की जाणकाराला मजकुराचा सुगावा लागतो.

२००० च्या ऑक्टोबरमध्ये इंटेलच्या जेसी वॉकर यांनी समितीपुढेच टिपण ठेवलं, की किल्ली कितीही लांब केली तरी हे कुलूप असुरक्षितच राहणार. २००१ मध्ये बर्कली इथल्या संशोधकांनी त्याचे दोष मांडले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये स्कॉट फ्लूरर, इत्सिक मांतिन आणि आदी शमीर यांनी शेवटचा घाव घातला. डब्ल्यूईपीच्या पोटात आरसी-४ नावाचं सूत्र होतं. ते १९८७ मध्ये रॉन रिव्हेस्ट यांनी तयार केलेलं. त्या सूत्रात किल्ली ज्या रीतीने वापरली जाते, त्यातून किल्लीचे तुकडे बाहेर पाझरतात हे या तिघांनी दाखवलं. गंमत अशी, की रिव्हेस्ट आणि शमीर हे जुने सहकारी. जगप्रसिद्ध आरएसए पद्धतीतला 'आर' रिव्हेस्ट यांचा आणि 'एस' शमीर यांचा. थोड्याच दिवसांत ही किल्ली शोधून देणारे प्रोग्रॅम इंटरनेटवर फुकट मिळू लागले. २००७ मध्ये जर्मनीतल्या डार्मस्टाटच्या संशोधकांनी तर मिनिटभरात किल्ली काढून दाखवली.

इथे खरा पेच उभा राहिला. तोपर्यंत ही यंत्रं घराघरांत, इस्पितळांत, दुकानांत, कॉलेजांत बसली होती. लोकांनी पैसे मोजून घेतलेली. त्यांना काय सांगायचं? फेकून द्या म्हणायचं?

नवं, मजबूत कुलूप तयार होत होतं. त्याचा पाया एईएस या सांकेतिक पद्धतीचा. ही पद्धत बेल्जियमच्या योआन डेमन आणि व्हिन्सेंट रायमन यांनी रचलेली, आणि २००१ मध्ये अमेरिकेने ती प्रमाण म्हणून स्वीकारलेली. पण हे कुलूप जुन्या यंत्रांना पेलणार नव्हतं. त्यांचे प्रोसेसर अगदी अशक्त होते आणि त्यांची बहुतेक ताकद रोजचे संदेश ने-आण करण्यातच संपत होती. आरसी-४ चं काम तर त्यांच्या चिपमध्ये कोरूनच टाकलेलं होतं. कोरलेलं बदलता येत नाही. बदलता येत होतं ते फक्त फर्मवेअर.

तेव्हा समितीने दोन कामं वेगळी केली. नव्या यंत्रांसाठी नवं कुलूप सावकाश, नीट करायचं. आणि जुन्या यंत्रांसाठी, त्यांना झेपेल असा, फक्त फर्मवेअरने घालता येईल असा टाका तयार करायचा. त्या टाक्याचं नाव टीकेआयपी.

या टाक्याची रचना मी समजून घेतली तेव्हा मला अब्बांची फळी डोळ्यांसमोर आली. चिपमधलं आरसी-४ यंत्र त्यांनी तसंच ठेवलं. म्हणजे कपडा तोच, धागाही त्याच कपड्यातला. पण त्या यंत्राला दिली जाणारी किल्ली आता प्रत्येक संदेशागणिक नव्याने घुसळून तयार व्हायची. क्रमांक २४ बिटांऐवजी ४८ बिटांचा केला. त्यामुळे एकूण क्रमांक झाले सुमारे २८१ लाख कोटी, म्हणजे ते संपण्याची भीती राहिली नाही. आणि वाटेत कुणी संदेशात फेरफार केला तर कळावं म्हणून एक मोहर जोडली. ही मोहर नील्स फर्ग्युसन यांनी रचली आणि तिचं नाव ठेवलं मायकेल.

मायकेल ही मोहर कमजोर होती. ते फर्ग्युसनना पुरतं ठाऊक होतं आणि त्यांनी ते लपवलंही नाही. जुन्या प्रोसेसरला याहून जड मोहर उचलताच आली नसती. म्हणून त्यांनी तिच्या जोडीला एक पहारा ठेवला. एका मिनिटात दोनदा खोटी मोहर आढळली, तर त्या डब्याने साठ सेकंद ते कामकाज बंद ठेवायचं आणि मग नव्या किल्ल्या करायच्या. आपल्या टाक्याची ताकद किती, हे ओळखून केलेलं हे काम. टीकेआयपी ही तात्पुरती सोय आहे, नवं कुलूप येईपर्यंतची, हेही करणाऱ्यांनी तेव्हाच सांगून ठेवलं होतं.

२००२ च्या ऑक्टोबरअखेर वायफाय अलायन्स या उत्पादकांच्या संघटनेने या टाक्यासह डब्ल्यूपीए नावाची व्यवस्था जाहीर केली. २००३ च्या वसंतात तिची प्रमाणपत्रं सुरू झाली. एईएसचं नवं कुलूप, डब्ल्यूपीए-२, हे २००४ मध्ये आलं. २००६ च्या मार्चपासून वायफायचा शिक्का हवा असलेल्या नव्या यंत्रांना ते सक्तीचं झालं.

टाका तर तयार झाला. पण तो घालणार कोण? घरात एक डबा असतो. इस्पितळात दोनशे असतात, छतांवर, वॉर्डांत, जिन्यांत. प्रत्येकाशी वेगळा संवाद करून फर्मवेअर भरायचं म्हणजे आठवड्यांचं काम, आणि मध्येच वीज गेली तर डब्याची वीट होण्याचा धोका. यंत्रवाले खरोखरच त्याला वीट झाली म्हणतात. याच अडचणीतून त्या सुमारास कंट्रोलरची कल्पना पुढे आली. अक्कल एका खोक्यात ठेवायची आणि छतावरचे डबे हलके करायचे. फर्मवेअर एकदाच कंट्रोलरला द्यायचं, तो सगळ्यांना वाटेल. डबे आणि कंट्रोलर यांच्यातल्या बोलण्याचे कॅपवॅप नावाचे सामाईक नियम २००९ मध्ये प्रसिद्ध झाले.

टाका उपलब्ध असून तो वेळेत न घातल्याचं उदाहरण अमेरिकेतलं आहे. टीजेएक्स ही कपड्यांची स्वस्त दुकानं चालवणारी मोठी कंपनी. २००५ पासून चोर तिच्या जाळ्यात शिरून बसले होते. २००७ च्या जानेवारीत कंपनीने ते जाहीर केलं. किमान ४ कोटी ५७ लाख कार्डांची माहिती गेली, असा आकडा पुढे आला. कॅनडाच्या प्रायव्हसी कमिशनरनी त्याच वर्षी अहवाल दिला. कंपनी जुनं डब्ल्यूईपी वापरत होती आणि डब्ल्यूपीएकडे जायला तिने उशीर केला, असं त्यात स्पष्ट म्हटलं. पुढे कार्ड कंपन्यांच्या संयुक्त नियमांनी ३० जून २०१० नंतर डब्ल्यूईपी वापरायलाच बंदी केली.

आपल्याकडे दाराचा हा प्रश्न वेगळ्या आणि फार दुःखद रीतीने समोर आला. २६ जुलै २००८ ला अहमदाबादमध्ये बॉम्बस्फोट झाले. पन्नासहून अधिक माणसं गेली. स्फोटांच्या काही मिनिटं आधी वृत्तवाहिन्यांना जो ईमेल पोचला, त्याचा माग नवी मुंबईत सानपाड्याच्या एका घरापर्यंत गेला. तिथलं वायफाय कुलपाविना उघडं होतं आणि ते दुसऱ्याच कुणी वापरलं होतं. त्यानंतरचे ईमेल माटुंग्यातल्या एका कॉलेजच्या आणि चेंबूरमधल्या एका कंपनीच्या जाळ्यातून गेले. २००९ च्या सुरुवातीला मुंबई पोलिसांनी रस्त्यांवर फिरून उघडी वायफाय जाळी शोधायचं ठरवलं. फेब्रुवारीत केंद्राच्या दूरसंचार विभागानेही वायफाय सुरक्षित ठेवण्याच्या सूचना काढल्या.

ते दिवस मला नीट आठवतात. आमच्या मोहल्ल्यातला सायबर कॅफेवाला प्रत्येक गिऱ्हाइकाचं ओळखपत्र दोनदा बघू लागला. दुकानावरची वायफायची पाटी त्याने स्वतःच्या हाताने उतरवली. ''उद्या कुणी माझ्या दारातून काही पाठवलं, तर मी कुणाला काय सांगू?'' असं तो म्हणायचा. त्याची भीती खोटी नव्हती. तोवर कुलूप ही मला कंपन्यांची आणि तंत्रज्ञांची बाब वाटायची. आपल्या दारातून कोण काय करून जाईल, त्याचा जाब आधी आपल्याला विचारला जातो, हे त्या वर्षी कळलं.

असो. टाक्याकडे वळू. २००८ च्या नोव्हेंबरमध्ये मार्टिन बेक आणि एरिक टेव्ज या जर्मन संशोधकांनी टीकेआयपीमधली पहिली व्यवहार्य फट दाखवली. किल्ली सापडत नव्हती, पण छोटे संदेश उलगडून खोटे संदेश घुसवता येत होते. घाव बसला तो मायकेलवरच. २०१२ च्या सुधारित नियमसंचात टीकेआयपी वापरू नये असं नमूद झालं. जुन्या अशक्त यंत्रांना त्याने काही वर्षं मिळवून दिली, त्यासाठीच तो होता. चूक टाक्याची नाही. चूक झाली ती तात्पुरतं म्हणून घातलेलं कायमचं समजणाऱ्यांची, आणि त्यांत आम्हीही होतो.

आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयात सहा डबे होते, सर्वांत जुने. त्यांच्या चिपला एईएस पेलत नव्हतं. ते टीकेआयपीवरच चालत. २०१६ च्या त्या रात्री त्या मुलाने फर्मवेअरच्या दोन आवृत्त्या माझ्यापुढे ठेवल्या होत्या. सर्वांत नवी घेतली तर हे सहा डबे कंट्रोलर ओळखणारच नाही. थोडी जुनी घेतली तर सगळे चालतील, पण पुढच्या दुरुस्त्या मिळणार नाहीत. जुन्या कंट्रोलरची देखभाल करणाऱ्या प्रत्येकापुढे कधी ना कधी हा प्रश्न येतो. आम्ही सगळ्यांना सांभाळून घेणारी आवृत्ती घेतली. मला ते तेव्हा माणुसकीचं वाटलं होतं.

१६ ऑक्टोबर २०१७ ला बेल्जियमच्या लुव्हेन विद्यापीठातल्या मॅथी व्हानहूफ यांनी क्रॅक नावाचा हल्ला जाहीर केला. डब्ल्यूपीए-२ च्या जोडणीच्या वेळच्या देवाणघेवाणीतच फट होती. दोष मुख्यतः जोडल्या जाणाऱ्या फोन आणि लॅपटॉपमध्ये होता, काही जाळ्यांत डब्यांमध्येही. इलाज एकच, फर्मवेअर किंवा प्रणाली अद्ययावत करणं. ज्या जुन्या फोनांची देखभाल कंपन्यांनी थांबवली होती, ते मात्र तसेच राहिले. आणि जिथे अजून टीकेआयपी चालू होतं, तिथे हल्लेखोराला संदेश नुसते वाचता नव्हे, तर घुसवताही येत होते.

तो मुलगा पुन्हा आला. म्हणाला, ''काका, ग्रंथालयाचे डबे आता काढायला हवेत.''

मला ते जड गेलं. त्या वर्षी शिष्यवृत्तीचे अर्ज महाडीबीटी पोर्टलवर भरायचे होते आणि घरी इंटरनेट नसलेली मुलं ग्रंथालयातच बसून ते भरत. आधार क्रमांक, बँकेचा खाते क्रमांक, बापाचं उत्पन्न, सगळं तिथूनच जायचं. मी म्हणालो, ''एवढे अर्ज होऊ दे, मग काढू.'' तो म्हणाला, ''काका, अर्ज आहेत म्हणूनच काढायचे.''

त्याचं बरोबर होतं. मी टिपण लिहिलं, सही केली. सहाही डबे उतरवले. मग कंट्रोलरला सर्वांत नवं फर्मवेअर भरलं गेलं. ग्रंथालयातल्या चार टेबलांपर्यंत तार ओढली आणि कार्यालयातले चार जुने संगणक तिथे नेऊन ठेवले. मुलांना रांगेत थांबावं लागलं, काहींनी माझ्या नावाने बोटं मोडली. ते महिने तसेच काढले.

अब्बांकडे एकदा एक म्हातारे गृहस्थ शेरवानी घेऊन आले होते. लग्नातली, चाळीस वर्षं जुनी. अब्बांनी ती उजेडात धरली, बोटांनी चाचपली आणि परत दिली. म्हणाले, ''जनाब, याआधी तीनदा मीच रफू केलं आहे. आता कापडात धागा धरायची ताकद नाही. मी पैसे घेईन, पण ही तुमच्या अंगावर फाटेल.'' त्या दिवशीची कमाई त्यांनी सोडली. लहानपणी मला वाटायचं, रफूगराचं कौशल्य बोटांत असतं. ते नाही म्हणण्यातही असतं, हे मला त्या ग्रंथालयाच्या शिडीखाली उभं असताना कळलं.

म्हणून एवढंच सुचवतो. घरातल्या, दुकानातल्या, शाळेतल्या वायफायच्या डब्याखाली एक चिठ्ठी चिकटवलेली असते. ती वाचा. त्यावरचं मॉडेल कोणत्या वर्षीचं, त्याला शेवटचं फर्मवेअर कधी आलं, कुलूप कोणतं लावलं आहे, हे एखाद्या जाणत्या मुलाला विचारा. दुरुस्ती मिळत असेल तर आजच करून घ्या, यंत्र लगेच फेकू नका. मिळत नसेल तर ते मान्य करा आणि यंत्र उतरवा. घड्याळ मागे नेऊन एखादी दुपार निभते. पण नंतर ते पुन्हा आजच्या तारखेवर आणावंच लागतं.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)